दातानं तोडलेला धागा

मी नाटकात काम करायची असं कुणाला सांगितलं की पुढचा प्रश्न ठरलेला असतो. "कोणकोणत्या भूमिका केल्यात?" विचारणाऱ्याच्या डोळ्यांसमोर तेव्हा शालू आणि अंबाडा असतो. मी सांगते, पाण्याच्या लॉरीमागे घागर घेऊन धावणारी बाई, हॉस्पिटलातली आया, शर्टाला कफ जोडणारी टेलर. मग समोरचा "अच्छा, सामाजिक होय!" म्हणतो आणि चहाचं विचारतो. त्यात मी ही नाटकं तमिळमध्ये केली, तीही चेन्नईत, आणि मी मूळची मिरजेची, हे कळलं की त्याला वाटतं बाई थापा मारतेय.

थापा नाहीत. ह्यांची बदली झाली म्हणून मी चेन्नईला आले तेव्हा मला तमिळचं अक्षरही येत नव्हतं. अण्णा नगरमध्ये आमचं घर. भाजीवाली जे म्हणेल ते मी तसंच्या तसं म्हणायची, तिच्या हेलासकट, आणि ती पोट धरून हसायची. बोलायला मी हळूहळू शिकले, लिहायला-वाचायला मला आजही येत नाही. पण कानात पडलेलं वाक्य माझ्या तोंडून त्याच चालीत बाहेर यायचं. घरात सगळे ह्याला माझा वात्रटपणा म्हणायचे.

तो वात्रटपणा गोविंदराव सारांच्या कानावर पडला. गोविंदराव आमच्या खालच्या मजल्यावर राहायचे. तंजावरकडचे मराठी. रेडिओवर नाटकं बसवून निवृत्त झालेले. त्यांची मराठी ऐकली की पोथी वाचतोय असं वाटायचं, आणि मध्येच "अय्यो" आलं की पोथीतून दचकून बाहेर पडायला व्हायचं. एकदा मी जिन्यात उभी राहून पाण्याच्या रांगेतल्या बायकांचं भांडण ह्यांना करून दाखवत होते. खालून आवाज आला, "बाई, तुम्हांस तमिळ येत नाहीं ना?"

मी ओशाळले. "नाही हो सार. उगाच चेष्टा."

"हेंच बरें. ज्यास भाषा येते तो ती दुरुस्त करितो. तुम्हांस दुरुस्त करतां येत नाहीं. उद्यां संध्याकाळीं खालीं या."

अशी मी नटी झाले. आमच्या नाटकाला लेखक नसायचा, हे आधी सांगायला हवं. आम्ही पाच-सहा जण टेपरेकॉर्डर घेऊन माणसांकडे जायचो. ते बोलतील ते टेप करायचं. मग ती टेप कानाला लावून शंभरदा ऐकायची आणि पाठ करायची. शब्द तर त्यांचेच, पण खोकला, अडखळणं, मध्येच "थांब, दूध उतू जातंय" म्हणून उठणं, तेही त्यांचंच. आपल्या पदरचं एक वाक्य घालायचं नाही. टेपवर माणूस रडला नसेल तर रंगमंचावर रडायचं नाही. हा शेवटचा नियम पाळताना नटाचा जीव जातो. समोर माणसं पदर डोळ्यांना लावायला तयार बसलेली असतात आणि आपण मात्र "मग मी घरी गेले, भात लावला" असं कोरडं म्हणून पुढे जायचं!

माझं पहिलं काम पाण्याच्या टंचाईवरच्या नाटकात. त्या उन्हाळ्यात चेन्नईत रंगीत घागरींच्या रांगा अख्ख्या गल्लीला वळसा घालायच्या. मी जिचं बोलणं करत होते ती बाई लॉरीवाल्याला शिव्या द्यायची, त्या मी जशाच्या तशा दिल्या. खेळ संपल्यावर एक सभ्य गृहस्थ आत आले आणि माझ्या हातात जुन्या साड्यांची पिशवी दिली. "घे अम्मा. कष्टाचं आयुष्य आहे तुझं." त्यांना मी खरीच ती बाई वाटले. माझ्या अंगावर तेव्हा ह्यांनी घेतलेलं मंगळसूत्र होतं, पण शिव्यांच्या भरात ते त्यांना दिसलं नसावं. मी एवढी फुशारले की पिशवी घेऊन तशीच घरी आले. गोविंदरावांनी दुसऱ्या दिवशी मला ती घेऊन त्या बाईकडे पाठवलं. ती म्हणाली, "साड्या कशाला? लॉरी कधी येते ते विचार त्यांना." पिशवी परत त्या गृहस्थांच्या दारात ठेवून आले.

पण खरं सांगायचंय ते कनगाबद्दल.

आणखी दोनेक वर्षांनी आम्ही कपड्याच्या कारखान्यातल्या बायकांवर नाटक करायला घेतलं. तांबरमच्या पुढे असे बरेच कारखाने होते. आम्ही ज्यातल्या बायकांना भेटलो त्यात परदेशी जाणारे शर्ट शिवायचे. एका रांगेत चाळीस बायका, समोर फळा, फळ्यावर दर तासाला किती शर्ट झाले पाहिजेत तो आकडा. आणि सुपरवायझरच्या टेबलामागे एक खिळा. खिळ्याला लाकडी बिल्ला. संडासला जायचं तर तो बिल्ला घेऊन जायचं आणि आणून परत टांगायचा. चाळीस बायकांना एकच बिल्ला.

नाटक त्या बिल्ल्याचं होतं. तीस बायका आमच्याशी बोलल्या. कारखान्यात नाही, घरी, रविवारी, दार लोटून. कळलं तर नोकरी जाणार हे त्यांना ठाऊक होतं. आम्ही शब्द दिला होता की नाव बदलू, गाव बदलू, कुणाची ओळख पटणार नाही.

कनगा त्यातली एक. विळुप्पुरमकडची, तिशीतली, काटकुळी, केसांत चार फुलं का होईना माळणारी. कारखान्यातल्या नोकरीवर तिनं तांबरमला एक खोली घेतली होती आणि दोनच महिन्यांपूर्वी गावाहून आईला आणि मुलीला आणलं होतं. मुलीचं नाव इथल्या शाळेत घातलं होतं. ती आम्हाला म्हणाली, "अक्का, माझं मशीन आहे म्हणून हे सगळं आहे. मशीन गेलं की आम्ही तिघी परत गावाच्या गाडीत."

तिचं बोलणं माझ्या वाट्याला आलं. आजही मी ते झोपेतून उठून म्हणेन. "सकाळी पाणी पीत नाही. दुपारी अर्धा पेला. खिळ्यावर बिल्ला आहे का बघायला मान वर केली की सुई बोटात जाते. म्हणून बघत नाही. माझ्या बाजूची बघते आणि मला सांगते, आहे. मी उठेपर्यंत दुसरीनं नेलेला असतो." एवढंच. रडली नाही. बोलताना मध्ये मध्ये तिची एक लकब होती. दातांनी काहीतरी तोडल्यासारखं करायचं आणि मग जिभेच्या टोकावरून दोन बोटांनी न दिसणारा धागा काढून पदराला पुसायचा. प्रत्येक दोन-चार वाक्यांनी एकदा.

मला ती लकब इतकी आवडली की काय सांगू! मी घरी आरशासमोर पंधरा दिवस तीच करत होते. ह्यांनी विचारलं, जेवणात केस येतोय का. मला वाटलं, शिवणकाम करणाऱ्या सगळ्याच बायका असं करत असणार, दिवसभर धागे तोडायचे म्हणजे. एका हालचालीत चाळीस बायका उभ्या केल्या, असं मी मनातल्या मनात स्वतःला सांगत होते.

आमच्याकडे एक पद्धत होती, तिला आम्ही ऐकणी म्हणायचो. नाटक लोकांपुढे नेण्याआधी ज्यांचे शब्द आहेत त्यांनाच बोलावून करून दाखवायचं. ते म्हणतील हे काढा, की काढायचं. वाद नाही. ह्या नाटकाची ऐकणी गोविंदरावांच्या बैठकीत झाली. रविवारी दुपारी बायका गाडी आणि बस बदलत अण्णा नगरला आल्या आणि जमिनीवर दाटीवाटीनं बसल्या. मी कनगाचं बोलायला लागले आणि जिभेवरून धागा काढला मात्र, अख्खी बैठक हसायला लागली. एकमेकींना कोपरानं ढोसतायत, तोंडावर पदर धरतायत. कनगा तर लाजून लाल. मी आणखी चढले. पुढच्या वाक्याला पुन्हा केलं, पुन्हा हशा. शेवटी गोविंदरावांनी विचारलं, "कांहीं काढायचें आहे?" सगळ्या म्हणाल्या, काही नको. कनगाही म्हणाली, "राहू दे सार. छान आहे."

त्या सगळ्या कनगाला ओळखून हसत होत्या. मला वाटलं, माझ्या अभिनयाला हसतायत.

वीस वर्षं होत आली, तरी हे वाक्य लिहिताना माझा हात अडतो. तमिळ घरात वाढलेली, शिवणकामाच्या गल्लीत राहिलेली एखादी नटी असती तर तिला तत्क्षणी कळलं असतं. मला भाषा दुरुस्त करता येत नव्हती म्हणून मला घेतलं होतं. पण सगळ्यांचं काय आणि एकटीचं काय, हेही मला कळत नव्हतं. आणि ते मला कळत नाही, हे गोविंदरावांच्याही ध्यानात आलं नाही.

पहिला खेळ तांबरमच्या एका शाळेच्या हॉलमध्ये झाला. गच्च भरला होता. टाळ्या झाल्या, एका वर्तमानपत्राचा माणूस काही लिहून घेत होता, मी तरंगत होते. मागच्या रांगेत बुशशर्टातला एक माणूस हाताची घडी घालून बसला होता, तो टाळ्या न वाजवता उठून गेला एवढं मी पाहिलं. तो त्या रांगेचा सुपरवायझर होता.

सोमवारी कनगा कामावर गेली तर तिच्या मशीनवर दुसरी मुलगी. तिला ऑफिसच्या दाराबाहेर एका स्टुलावर बसवलं. काम नाही, काढूनही टाकलं नाही, नुसतं बसायचं. येणारी-जाणारी प्रत्येक बाई बघणार. चौकशी होईपर्यंत असंच, म्हणाले. तीन दिवस ती आठ-आठ तास त्या स्टुलावर बसली. चौथ्या दिवशी मॅनेजरनं तिच्यामार्फत आम्हाला निरोप दिला. नाटकवाल्यांनी येऊन लिहून द्यावं की हे सगळं मनानं रचलेलं आहे, असला बिल्ला-बिल्ला कुठे नसतो. मग कनगाला तिचं मशीन परत.

तो निरोप घेऊन ती संध्याकाळी माझ्याकडे आली. मी दार उघडलं, "ये गं" म्हटलं, पाणी आणायला वळले.

"पाणी नको," ती म्हणाली. "माझ्या तोंडातनं ते काढून घ्यायला तुम्हाला कुणी सांगितलं होतं, अक्का?"

मला काहीच कळेना. तेव्हा तिनं उभ्या उभ्या सांगितलं. तिचे वडील गावात देवळासमोर मशीन टाकून शिवायचे. घरात कात्री एक, ती त्यांच्या हातात. म्हणून ती लहानपणापासून दातानं धागा तोडायची. कारखान्यात तसं चालत नाही. शर्टावर थुंकीचा डाग पडला तर तो माल परत येतो. प्रत्येकीच्या गळ्यात दोरीला बांधलेली छोटी कात्री असते, तिनंच तोडायचा. चाळिसातल्या एकोणचाळीस जणी तशाच तोडतात. कनगाला ह्याच सवयीपायी सुपरवायझरनं तीनदा सगळ्यांसमोर झापलं होतं.

"नाव बदललंत, गाव बदललंत," ती म्हणाली, "आणि माझं तोंड तेवढं ठेवलंत."

"पण तू ऐकणीत हो म्हणालीस ना गं?" मी म्हटलं. म्हणताना माझी मलाच लाज वाटली.

"मला काय माहीत नाटक म्हणजे काय? मला गंमत वाटली. आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी माझ्यासारखं करत होतं. तुम्हाला माहीत पाहिजे होतं."

मी रडायला लागले. ती तशीच उभी. "रडू नका. तुमचं काय जातंय? तुम्हाला नवरा आहे, घर आहे. मला माझं मशीन पाहिजे." एवढं रागावलेली असूनही ती मला "तुम्ही"च म्हणत होती, ते जास्त लागलं.

ती गेल्यावर मी खाली गोविंदरावांकडे गेले. म्हटलं, सार, सही करते. एका सहीनं तिचं मशीन परत मिळतंय. म्हातारा ताडकन उठला. "तीस बायकांनीं दार लोटून सांगितलें, तें लबाड म्हणून लिहून देणार? उद्यां तोच कागद तो प्रत्येकीच्या तोंडावर मारील!" मी म्हटलं, मग कनगा? तर ते परत खाली बसले. मग म्हणाले, "चूक माझीही आहे, बाई. मीं तुमचा कान पाहिला, बाकी कांहीं पाहिलें नाहीं."

रात्रभर विचार करून मी ठरवलं ते असं. सही करायची नाही. आणि कनगाचं मशीन घेतल्याशिवाय त्या ऑफिसातून उठायचं नाही. ही दोन्ही एकदम कशी जमणार, ते मला अजिबात माहीत नव्हतं. ह्यांना सांगितलं तर म्हणाले, "मी येऊ का बरोबर?" मी म्हटलं, नको. चूक मी केलीय, एकटीच जाते.

दुसऱ्या दिवशी दुपारी गेले. ऑफिसच्या दाराबाहेर कनगा स्टुलावर बसलेली होती, हात मांडीवर, नजर समोरच्या भिंतीवर. तिनं मला ओळख दाखवली नाही आणि मीही नाही. आत मॅनेजर होता, वयानं तरुण, बोलायला गोड. कागद टाइप करून तयार होता. त्यानं पेनाचं टोपणसुद्धा काढून ठेवलं होतं.

"अम्मा, तुम्ही चांगल्या घरच्या. ह्या भानगडीत कशाला पडता? फक्त इथे."

"हे रचलेलं नाही," मी म्हटलं. "सही करणार नाही."

"मग कुणी सांगितलं, तिचं नाव लिहा."

"तेही लिहिणार नाही. आमचा तसा शब्द आहे."

सुपरवायझर बाजूला उभाच होता. तो म्हणाला, "नाव कशाला पाहिजे? ह्यांनी स्टेजवर करून दाखवलं ना! दातानं धागा तोडायचा, जिभेवरून काढायचा. आमच्याकडे एकच बाई असं करते, ती बाहेर बसलीय."

माझ्याकडे सांगण्यासारखं एकच खरं होतं, ते मी सांगितलं. "मी तमिळ नाही. मला शिवणकामातलं ओ की ठो कळत नाही. मला वाटलं, शिवणाऱ्या सगळ्याच बायका असं करतात. अजूनही मला तसंच वाटतं." शेवटचं वाक्य खोटं होतं. आयुष्यात आमच्या नाटकाचा नियम मी तेवढा एकदा मोडला, पदरचं वाक्य घातलं.

"सगळ्या करतात?" सुपरवायझर हसला. "सार, चला, दाखवूच ह्यांना."

मॅनेजरला यायचं नव्हतं, पण हा दार उघडून उभा राहिला. आम्ही तिघं आत गेलो. मशीनचा आवाज इतका की स्वतःचं बोलणं ऐकू येऊ नये. फळ्यावर आकडा, टेबलामागे खिळा, खिळा रिकामा. पहिल्यांदाच मी ती जागा बघत होते आणि सगळं कनगानं सांगितल्यासारखं होतं. सुपरवायझर रांगेच्या तोंडाशी थांबला आणि माझ्याकडे वळून हातानं दाखवलं, बघा.

पहिल्या मशीनवर कॉलर लावणारी एक जाडसर, प्रौढ बाई होती. आमच्याशी ती बोललेली नव्हती, त्या तिसांत ती नव्हतीच. तिनं शिलाई संपवली. गळ्यातली कात्री उचलली नाही. शर्ट तोंडाशी नेला, दातानं धागा तोडला, जिभेच्या टोकावरून दोन बोटांनी काढला आणि पदराला पुसला. मान वर न करता पुढचा शर्ट घेतला.

मग तिच्या मागची. मग बाजूची. मी बघत राहिले. ज्या बैठकीत हसल्या होत्या त्या आणि ज्यांना मी कधी पाहिलं नव्हतं त्याही, जिची शिलाई संपेल ती शर्ट तोंडाशी न्यायची. कुणी हसत नव्हतं. कुणाच्या दाताला सवय नव्हती, दोन-तीनदा चावावं लागत होतं, पण कात्री कुणी उचलली नाही. सुपरवायझर ओरडायला लागला, पण त्या आवाजात तो फक्त तोंड हलवताना दिसत होता.

मॅनेजर ओरडला नाही. त्यानं रांगेच्या शेवटी जाऊन झालेल्या शर्टांतला एक उचलला, कॉलर उजेडात धरली आणि डाग बघितला. दुसरा उचलला. तोही बघितला. मग मला म्हणाला, "तुम्ही जा."

"बाहेर बसलीय तिचं मशीन?" मी विचारलं. खरं तर किंचाळले, आवाजच तेवढा होता.

तो माझ्याकडे न बघता सुपरवायझरला म्हणाला, "तिला आत घे." कनगा माझ्या जवळून आत गेली. तिनं माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. मशीनवरच्या मुलीला उठवून आपल्या जागी बसली, कफ घेतला, शिलाई मारली आणि गळ्यातली कात्री उचलून कचकन धागा कापला. तिच्या मागोमाग सगळ्यांच्या कात्र्या निघाल्या.

जेवणाच्या सुट्टीत त्यांनी हे ठरवलं होतं, असं मला नंतर कळलं. असं एकच बाई करते, हे सुपरवायझरचं बोलणं आठवडाभर सगळ्यांच्या कानावर होतंच. मॅनेजरनं आम्हाला बोलावलंय हे कनगाकडून कळलं होतं, पण ते माझ्यासाठी केलेलं नव्हतं, हे मी स्वतःला बजावून ठेवलंय. काही महिन्यांनी खिळ्यावर आणखी एक बिल्ला आला. आमच्या नाटकामुळे आला, असं काही जण म्हणतात. मला विचाराल तर तो डाग पडलेल्या शर्टांमुळे आला असणार.

मी गोविंदरावांना म्हटलं, मला आता काम नको. ते म्हणाले, "जें मोडलें तें तुम्हीच नीट करा. पळून कोठें जातां?" म्हणून राहिले. नाटकातली ती लकब काढून टाकली. त्या जागी हात मांडीवर ठेवून नुसतं बसायचं, स्टुलावर ती बसली होती तसं. प्रेक्षकांना ते बोलणं पूर्वीइतकं भिडत नाही, हे मला रंगमंचावरून कळायचं. कळू दे, म्हणायची.

पुढचं नाटक हॉस्पिटलातल्या आयांचं. त्याच्या ऐकणीला आया आल्या, आणि त्यांच्या मागून न बोलावता कनगा आली. रविवारची सुट्टी वाया घालवून, तांबरमहून अण्णा नगरला. मला तिनं नमस्कार केला नाही. भिंतीला टेकून बसली आणि डोळ्यांत तेल घालून बघत राहिली. मी एका आयाचं करत होते, ती मेलेल्या माणसाबद्दल बोलण्याआधी पदराची गाठ सोडून पुन्हा मारायची. आया हसल्या नाहीत. कनगानं त्यांना विचारलं, "हे सगळ्या करता?" त्या म्हणाल्या, आमा, म्हणजे हो, सगळ्याच. "मग राहू दे," कनगा मला म्हणाली. पुढे दुसरीचं खोकल्याआधीचं हसणं आलं आणि आया हसल्या. कनगानं लगेच हात वर केला. "हे एकटीचं आहे. काढा."

तेव्हापासून प्रत्येक ऐकणीला ती यायची. आमच्या मंडळातल्या नव्या मुली तिला घाबरायच्या. किती सुंदर सुंदर गोष्टी तिनं माझ्याकडून काढायला लावल्या! एका म्हाताऱ्या आयाचं चालणं मी महिनाभर बसवलं होतं, ते तिनं एका शब्दात उडवलं. मी चिडायची, घरी येऊन ह्यांच्याजवळ कटकट करायची. पण एकदाही तिच्या शब्दाबाहेर गेले नाही. आमच्या नाटकांमुळे पुन्हा कुणालाही स्टुलावर बसावं लागलं नाही. कुणी मला माझी कमाई विचारली तर मी हीच सांगते.

पुढे चार-पाच वर्षांनी ह्यांची निवृत्ती आली. आम्ही मिरजेला परतणार म्हणून गोविंदरावांनी कारखान्याचं नाटक पुन्हा एकदा लावलं, तांबरमच्या त्याच हॉलमध्ये. कनगानं त्याआधी काही महिने कारखाना सोडला होता. कुणी काढलं नव्हतं, तिनं स्वतःच राजीनामा दिला, आणि घरातच मशीन टाकून पोलकी शिवायला घेतली. मुलगी दहावीला होती. खेळाला कनगा पहिल्या रांगेत बसली, मुलीला घेऊन. मागे कारखान्यातल्या बायका, जुन्या आणि नव्या.

मी कनगाचं बोलणं सुरू केलं. सकाळी पाणी पीत नाही. दुपारी अर्धा पेला. मग ती जागा आली. मी हात मांडीवर ठेवले आणि थांबले, गेली काही वर्षं थांबत होते तशी.

पहिल्या रांगेत कनगा उठून उभी राहिली. हॉलकडे वळली. सगळ्यांना दिसेल असा दातानं धागा तोडला, जिभेच्या टोकावरून दोन बोटांनी काढला आणि पदराला पुसला. मग माझ्याकडे वळून बोटानं खूण केली, चला, पुढे बोला.

अख्खा हॉल हसला, तसाच, कोपरानं ढोसत, तोंडावर पदर धरून. ह्या वेळी ते हसू कुणासाठी होतं ते मला पक्कं माहीत होतं. टेपवर कनगा रडली नव्हती, म्हणून मीही रडले नाही. पुढचं वाक्य म्हटलं.